गुरुजींच्या कॅसेटी : प्रकल्प नोंदी, अंबाजोगाई, एप्रिल ते जून २०२५

३ एप्रिल
वहिनींनी दोन पत्र्याच्या पेट्या दुकानावर आणून ठेवल्या. मोजल्या, ११८ कॅसेटी निघाल्या. गुरुजी जिल्हा परिषदेच्या शाळेत होते. १९८६ ते ९४ या काळात केज तालुक्यातल्या आपल्या गावी जाऊन त्यांनी जात्यावरच्या ओव्या, भारुडं आणि रझाकारांच्या काळातल्या आठवणी टेपवर घेतल्या. बऱ्याच कॅसेटी ६० मिनिटांच्या आहेत, १५-२० तेवढ्या ९० च्या. चिठ्ठ्यांवरची शाई उडालीय. 'आई, पहाटे' एवढंच लिहिलेल्या सात निघाल्या.

गुरुजींचा डेक उघडला तर आतला रबरी पट्टा वितळून डांबरासारखा पुलीला चिकटलेला. स्पिरिटनं पुसता पुसता संध्याकाळ झाली. नवा पट्टा लातूरहून मागवला.

६ एप्रिल
दोन संगणक लावले, दोन्ही जुनेच. 'मोठा' म्हणजे टॉवर, त्यावर डेबियन १२ (लिनक्सचाच एक प्रकार). 'बुटक्या'वर लिनक्स मिंट २१. आवाज आत घ्यायला यूएसबीची एक स्वस्तातली काडी आहे, तीच आलटून पालटून दोन्हीकडं.

रेकॉर्डिंगला साठेक ओळींचा सी प्रोग्राम मीच लिहिला. आवाज पकडायचं काम लिबअसाउंड करते, फाइल लिहायचं लिबएसएनडीफाइल. या दोन्ही लायब्ररी, म्हणजे बऱ्याच प्रोग्रामना लागणारा तयार कोड. माझ्या प्रोग्रामच्या वाट्याला फक्त निरोप्याचं काम. पॉलिटेक्निकला असलेल्या भाच्यानं विचारलं, सगळं एकाच फायलीत का नाही भरायचं? त्याला म्हणलं, आपल्या शेताचा सातबारा बघ. भाऊ वेगळे झाले, बांध पडले, पण विहीर सामाईकच राहिली. एसओ फायलीचं, म्हणजे अशा सामाईक लायब्ररीचं, तसंच आहे. फाइल एकच, ती मेमरीत एकदाच चढते आणि दहा प्रोग्राम तिच्यातून पाणी ओढतात. तिच्यात दुरुस्ती झाली की दहाही जणांना मिळते. आणि कुणी काही कालवलं तर तेही दहाही जणांना.

तूर्त ४४,१०० हर्ट्झ (सेकंदाला आवाजाचे तेवढे नमुने), १६ बिट, स्टीरिओ. तासाला ६३५ एमबी. सगळं मिळून ८० जीबीच्या आसपास बसेल.

८ एप्रिल
पट्टा बसला, हेड पुसलं. पहिली कॅसेट लावली, तर ओवीच्या मागं एकसारखा 'घूंऽऽ'. स्पेक्ट्रम, म्हणजे कुठल्या कंपनाला किती आवाज त्याचा आलेख, पाहिला. ५० हर्ट्झवर खांब, पुढं १०० आणि १५० वर. विजेचीच घरघर. डेक एका बोर्डावर आणि संगणक दुसऱ्यावर, म्हणून अर्थिंगचा फेरा झालाय. दोन्ही एका बोर्डावर घेतले तेव्हा घरघर निम्म्यानं उतरली, पूर्ण काही गेली नाही. लाइट गेल्यावर इन्व्हर्टरवर चालवून पाहिलं तर ती दुप्पट झाली. आमचा इन्व्हर्टर जुन्या चौकोनी लाटेचा. नियम ठरला : लाइट गेली की रेकॉर्डिंग बंद, चहा चालू. परळीचं औष्णिक केंद्र इथून हाकेच्या अंतरावर, तरी चहा बराच होणार असं दिसतं.

उरलेली घरघर राहू दिली. मूळ प्रतीत सफाई करायची नाही, सफाई करायची ती वेगळ्या प्रतीत.

११ एप्रिल
कॅसेटची बाजू कापून थेट फ्लॅकमध्ये (आवाज न गमावता फाइल लहान करणारा प्रकार) लिहिणारं एक छोटं अवजार बुटक्यावर तयार केलं होतं. भाच्यानं ते पेन ड्राइव्हवर घालून मोठ्यावर नेलं. तिथं ते उघडेना : लिबफ्लॅक.एसओ.८ सापडत नाही.

नावाच्या शेवटी असलेला तो ८ शोभेचा नाही. लायब्ररीच्या जोडणीत जुन्या प्रोग्रामना चालणार नाही असा बदल झाला की करणारे हा आकडा वाढवतात. मिंट २१ मध्ये फ्लॅक १.३ ची लायब्ररी आहे, तिचा आकडा ८. २०२२ साली १.४ आली, तिचा १२. डेबियन १२ मध्ये हीच १२ वाली.

मी मोंढ्यात गेलो होतो. परत येईपर्यंत भाच्यानं नेटवर वाचून १२ नंबरच्या फायलीला ८ नावाची सिमलिंक, म्हणजे दुसऱ्या नावाची नुसती पाटी, लावली होती. प्रोग्राम उघडलाही. 'मामा, चाललं की!' चाललं, याचीच मला धास्ती. प्रोग्राम मागतोय थोरल्याला आणि दारात धाकटा थोरल्याचं नाव सांगून उभा. शेजारीपाजारी फसतील, व्यवहार करताना कधीतरी सही चुकेलच. लिंक काढली, कोड मोठ्यावर नेऊन तिथंच परत कंपाइल केला. पाच मिनिटांचं काम. ताकीद : दुसऱ्या मशीनवर नेताना कोड न्यायचा, तयार फाइल नाही.

१२ एप्रिल
मोठ्यावर रेकॉर्डिंग सुरू होईना, 'डीफॉल्ट' डिव्हाइस उघडत नव्हतं. भाच्यानं प्रोग्रामला डिव्हाइसचं नाव बदलून दिलं, सुरू झालं. आजपासून मोठ्यावर रेकॉर्डिंग, बुटक्यावर कापाकापी. दिवसभरात ५ कॅसेटी.

१४ एप्रिल
जयंती. सकाळपासून मिरवणुकीची तयारी, काम बंद. यादी चाळताना चार कॅसेटींवर 'भीमाच्या ओव्या, वाडीतल्या बाया' असं लिहिलेलं दिसलं. त्या पुढच्या आठवड्यात आधी घ्यायच्या.

१९ एप्रिल
घरच्यांना फोनवर ऐकायला एमपी३ हव्यात. लेम या एमपी३ बनवणाऱ्या लायब्ररीनं केल्या. या लेमपायी आधी केवढा जाच होता! एमपी३ च्या पेटंटमुळं आवाज कापायच्या-जोडायच्या ऑडॅसिटी प्रोग्रामवाल्यांना ती सोबत देता येत नव्हती. आपण वेगळी डीएलएल (विंडोजवरची एसओसारखी फाइल) उतरवायची आणि ती कुठं ठेवलीय ते प्रोग्रामला बोटानं दाखवायचं. २०१७ साली पेटंट संपली, तेव्हा ते सुटलं.

एक गंमत टिपून ठेवतो. फायलींची लांबी तपासायची माझी स्क्रिप्ट मोठ्यावर एमपी३ उघडते, बुटक्यावर 'फॉरमॅट ओळखीचा नाही' म्हणते. लायब्ररी दोन्हीकडं लिबएसएनडीफाइल, नावापुढचा आकडाही दोन्हीकडं १. पण बुटक्यावर आवृत्ती १.०.३१ आणि मोठ्यावर १.२.०. एमपी३ ची सोय १.१.० पासून आलीय. जुनं काही मोडलं नाही, नवं तेवढं वाढलं, म्हणून आकडा बदलला नाही. म्हणजे आकडा जुळला तर प्रोग्राम उघडेल एवढंच कळतं, आत काय काय आहे ते आवृत्ती पाहूनच समजतं.

२३ एप्रिल
वहिनींच्या घरच्या विंडोज संगणकावर ऐकायचा प्रोग्राम एक डीएलएल मागत होता. शेजारच्या पोरानं 'डीएलएल फुकट' छाप साइटवरून ती उतरवून सिस्टम३२ मध्ये टाकली. त्यानंतर शेवटी ७बी असलेला तो लांबलचक एरर. ६४ बिटच्या प्रोग्रामपुढं ३२ बिटची फाइल वाढली की बहुतेक हाच येतो. सिस्टम३२ नावाच्या फोल्डरात ६४ बिटच्या फायली आणि ३२ बिटच्या सिसवॉव६४ मध्ये, हा उलटा कारभार पोराला कुठून माहीत असणार? ती फाइल काढली, व्हायरस तपासला, प्रोग्राम मूळ ठिकाणाहून परत बसवला. डीएलएल त्याच्या सोबतच येते, त्याच्याच फोल्डरात. तासभर गेला, त्यातला अर्धा जेवणात.

३० एप्रिल
आजवर मोठ्यावर ३१ कॅसेटी झाल्या. एमपी३ भावकीच्या ग्रुपवर गेल्यात, लोक अंगठे दाखवतायत.

संध्याकाळी वहिनी अक्कांना घेऊन आल्या. अक्का म्हणजे गुरुजींच्या थोरल्या बहीण, वय ८२. 'आई, पहाटे' मधली तिसरी लावली. अक्कांनी मिनिटभर ऐकलं, मान हलवली. 'ह्यो आवाज मह्या मायचा न्हाई.' वहिनी म्हणाल्या, अहो, गुरुजींच्या हातचं अक्षर आहे चिठ्ठीवर. अक्का ऐकेनात. 'ओवी मायचीच हाय. आवाज न्हाई. माय इतकं जाड आन् इतकं सावकाश म्हणत नव्हती. दळण सरलं पायजे ना बाई!'

मग बुटक्यावर पहिल्या आठवड्यात घेतलेली एक लावली. ती ऐकल्याबरोबर त्यांनी पदर तोंडाला लावला. 'ही माय.'

ऐकणाऱ्या सगळ्यांत शंका आली ती एकट्या अक्कांना. मला नाही, भाच्याला नाही, ग्रुपवरच्या साठ जणांतही कुणाला नाही.

१ मे
एकच बाजू दोन्ही मशीनवर परत घेतली. बुटक्यावर ३० मिनिटं ४० सेकंद, मोठ्यावर ३३ मिनिटं २३ सेकंद. हे आधीच दिसायला पाहिजे होतं. ६० च्या कॅसेटची बाजू अर्धा-एक मिनिट जास्त भरतेच, म्हणून मी लांबीकडं पाहणंच सोडलं होतं. लांबी तपासायची स्क्रिप्ट चालत होती, आकडे छापत होती, वाचत कुणी नव्हतं.

डोक्यात पहिला संशय नव्या पट्ट्याचा. ढिला असला तर टेप हळू फिरणार.

२ मे
मोटरीच्या मागच्या भोकात बारका स्क्रूड्रायव्हर घालून वेग वाढवला. मोठ्यावर आवाज बरोबर वाटला. आनंदात बुटक्यावर लावलं तर तिथं ओवी चिमणीसारखी. डेक एकच, काडी एकच, तरी एका मशीनवर जाड आणि दुसऱ्यावर बारीक. तेव्हाच थांबायला हवं होतं, पण रात्री अकरापर्यंत स्क्रू फिरवत बसलो. शेवटी तो होता तिथं परत आणला, भोकावर चिकटपट्टी मारली.

४ मे
उलगडा घरघरीनं केला.

मोठ्यावरच्या फाइलचा स्पेक्ट्रम सहज उघडला. विजेची घरघर ५० वर दिसायला हवी, ती ४६ वर. पुढचे खांब ९२ आणि १३८ वर. बुटक्यावरच्या फाइलमध्ये सगळं जागेवर : ५०, १००, १५०.

घरघर टेपवरची नाही. ती शिरते डेकच्या पुढं, वायरीत. डेक हळू फिरला तर ओवी जाड होईल, घरघर ५० वरच राहील. इथं ओवी आणि घरघर दोन्ही एकाच हिशोबानं खाली आल्यात. म्हणजे पट्टा, मोटर, डेक सगळे निर्दोष. दोष संगणकात. महिनाभर जिला शिव्या दिल्या तीच साक्षीला उभी राहिली.

मग भागाकार. ३३:२३ म्हणजे २००३ सेकंद, ३०:४० म्हणजे १८४०. उत्तर १.०८८६. आणि ४८,००० ला ४४,१०० नं भागलं की १.०८८४. कागद भाच्याकडं सरकवला. तो काही बोलला नाही, उठून १२ एप्रिलची टर्मिनलची हिस्टरी काढायला बसला.

५ मे
पूर्ण साखळी सापडली. शेवटाकडून उलटी लिहितो, कारण सापडली तशीच.

फाइलच्या डोक्यावर '४४,१००' लिहिलंय, आत नमुने सेकंदाला ४८,००० नं भरलेत. वाजवणारा डोक्यावरचं वाचतो आणि हळू वाजवतो. स्वर पेटीच्या भाषेत जवळजवळ दीड पट्टी खाली.

असं लिहिलं माझ्याच प्रोग्रामनं. लिबअसाउंडला मी '४४,१०० किंवा त्याच्या जवळचा वेग दे' असं विचारलं होतं. तिनं '४८,००० मिळेल' असं रीतसर उत्तर दिलं. ते उत्तर मी वाचलंच नाही, हेडरमध्ये, म्हणजे फाइलच्या डोक्यावर, माझा मूळ आकडा लिहून टाकला. चूक पूर्ण माझी.

काडीला ४८,००० शिवाय दुसरा वेग येत नाही. मग बुटक्यावर बरोबर कसं? तिथं 'डीफॉल्ट' पल्सऑडिओ या मधल्या आवाज सांभाळणाऱ्या प्रोग्रामकडं जातं आणि वेगाचं रूपांतर तोच मधे करतो. मोठ्यावर भाच्यानं 'डीफॉल्ट'ऐवजी थेट 'एचडब्ल्यू' लिहिलं होतं. एचडब्ल्यू म्हणजे मधला माणूस नको, सरळ हार्डवेअरशी बोलायचं.

त्यानं तसं का केलं? 'डीफॉल्ट' उघडत नव्हतं म्हणून. का उघडत नव्हतं? आता एररची ओळ पूर्ण वाचली. पल्सचा प्लगइन (लिबअसाउंडला पल्सऑडिओशी जोडणारा तुकडा) सापडत नाही, आणि शोधला कुठं तर /यूएसआर/लोकल/लिब/ या झाडाखाली. डेबियन आपला प्लगइन तिथं ठेवतच नाही.

प्रोग्राम कुठल्या लायब्ररी कुठून उचलतो ते दाखवणारं एलडीडी चालवलं. माझा प्रोग्राम लिबअसाउंड उचलतोय तीही /यूएसआर/लोकल/लिब मधली. शोधायच्या यादीत तो फोल्डर डेबियनच्या स्वतःच्या फोल्डरच्या आधी लागतो, म्हणून तिथली प्रत जिंकते. ती स्वतःचे प्लगइन स्वतःच्याच घराजवळ शोधते, आणि तिथं काही नाही.

ती प्रत आली कुठून? फाइलची तारीख पाहिली आणि गप्प झालो. काही वर्षांपूर्वी एका गिऱ्हाइकाचं साउंड कार्ड चालवून पाहायला मीच ती कंपाइल केली होती. गिऱ्हाइक गेलं, कार्ड गेलं, प्रत तिथंच राहिली. मधल्या काळात कुणाला पत्ता लागला नाही, कारण ब्राउझर लिबअसाउंडच्या वाटेला न जाता पल्सऑडिओच्या लिबपल्सशी बोलतो. गाणी वाजत होती, मग शंका कशाला येणार?

११ तारखेला सिमलिंकवरून भाच्याला झापलं होतं. आज त्यानं फक्त एवढंच विचारलं, 'मामा, ही कुणी ठेवली?'

६ मे
दुरुस्ती.

जुनी प्रत आणि तिच्या लिंका बाजूला काढल्या, लायब्ररींची यादी नव्यानं करणारं एलडीकॉन्फिग चालवलं, एलडीडीनं परत पाहिलं. आता डेबियनची प्रत. 'डीफॉल्ट' एका झटक्यात उघडलं.

३१ कॅसेटी परत घ्यायची गरज नाही. नमुने सगळे शाबूत आहेत, बिघडलीय ती पाटी. सॉक्स या आवाजाच्या अवजाराला 'या फाइलचा वेग ४८,००० समज' असं सांगून ६२ बाजू नव्या हेडरनं लिहिल्या. रूपांतर नाही, नुसती पाटी बदलली. पाच बाजूंवर घरघर तपासली : ५०, पाचही ठिकाणी. एमपी३ आणि फ्लॅक मात्र चुकीच्या पाटीवरून बनलेले, ते पुसून नव्यानं केले.

प्रोग्राममध्ये चार ओळी वाढवल्या. मागितलेला आणि मिळालेला वेग जुळला नाही तर रेकॉर्डिंग सुरूच करायचं नाही. शिवाय प्रत्येक बाजूसोबत एक मजकूर फाइल : मशीन, डिव्हाइस, वेग, एलडीडीचं पूर्ण उत्तर, लायब्ररींच्या आवृत्त्या, तारीख, पट्टा कुठला.

पुढच्या कॅसेटी ४८,००० हर्ट्झ आणि २४ बिटनं. ध्वनी-अभिलेखागारांची आंतरराष्ट्रीय संघटना आयएएसए किमान एवढंच सांगते, आणि आमच्या काडीला तरी दुसरं काय येतं! तासाला १ जीबीच्या किंचित वर. नवी हार्ड डिस्क घ्यावी लागेल.

राहिलेलं अवघड काम : भावकीच्या ग्रुपवर 'आधीच्या फायली पुसा, नव्या ऐका' हे पटवणं. एकानं उलट लिहिलं, 'जुन्यातच जास्त भारदस्त वाटत होतं.'

२२ मे
मे महिन्यातच पावसाळ्यासारखा पाऊस. पेट्या कपाटात वर हलवल्या. १३ कॅसेटींच्या फितीवर पांढरी बुरशी दिसली, त्या वेगळ्या काढल्या. डेकमध्ये घालायच्या नाहीत, हेडवरून बुरशी दुसऱ्या कॅसेटींना लागेल. लाइट चार दिवसांत मिळून दोन दिवस. चहा पुष्कळ.

११ जून
९९ कॅसेटी झाल्या. उरलेल्या १९ पैकी १३ बुरशीच्या, ६ तुटलेल्या फितीच्या.

अक्कांना घरी जाऊन ऐकवलं. लॅपटॉप नेला, मशीन कुठलं हे सांगितलं नाही. 'आई, पहाटे' मधली तिसरी, दुरुस्त केलेली. पहिल्या ओवीलाच त्या सोबत म्हणायला लागल्या, आणि लय जुळली. मी मोबाइलवर वेळ लावून बसलो होतो, तो बंद केला.

४७-अ मध्ये एक बारीक 'टक्, टक्' आहे, दर फेऱ्याला एकदा. आवाज-सफाईच्या यादीत मी त्यापुढं 'डेकचा खटका, काढणे' असं लिहिलं होतं. अक्का हसल्या. 'जात्याचा खुटा ढिला व्हता. माय रोज म्हणायची, अण्णा, ठोकून द्या. न्हाई ठोकला कधी.'

४७-अ यादीतून काढली. ४८, ५१ आणि ५२ मध्येही हाच आवाज आहे, त्याही काढल्या. नोंदफाइलमध्ये लिहिलं : टक् हा जात्याचा आवाज, सांगणाऱ्या अक्का.

बुरशीच्या १३ साठी उद्या लातूरच्या मेकॅनिकला फोन.